परीक्षणाच्या चौकटीत संकलकाचे नाव हवे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या दैनिकात दर शुक्रवारी येणारी चित्रपट-परीक्षणे मी नियमितपणे वाचतो. प्रत्येक परीक्षणाच्या शेजारी श्रेयनामावलीची एक छोटी चौकट असते आणि तीत निर्माता, दिग्दर्शक, पटकथा, संवाद, छायाचित्रण, गीते, संगीत, कलाकार अशी नावे व्यवस्थित दिलेली असतात. संकलकाचे नाव तेवढे बहुतेक वेळा नसते. परीक्षणाच्या शेवटच्या परिच्छेदात मात्र संकलकाने कात्री जरा सढळ हाताने चालवली असती तर चित्रपट आटोपशीर झाला असता, अशा अर्थाचे वाक्य हटकून येते. हे केवळ आपल्याच दैनिकात घडते असे नाही. मराठीतल्या बहुतेक वृत्तपत्रांची हीच रीत आहे. परंतु आपले परीक्षक अभ्यासू आहेत, छायाचित्रण आणि पार्श्वसंगीत यांबद्दल ते जाणतेपणाने लिहितात, म्हणूनच ही उणीव आपल्यापुढे मांडावीशी वाटली.

मी मुंबईत सहायक संकलक म्हणून काम केले आणि आता निवृत्त आहे. माझी उमेदवारी फिल्मची रिळे हाताळण्यात झाली आणि निवृत्तीआधीची वर्षे संगणकासमोर गेली. पुढे जे लिहितो आहे ते हे काम जवळून पाहिल्यामुळे लिहितो आहे, एवढे सांगण्यापुरताच हा उल्लेख.

संकलन म्हणजे लांबी कमी करणे, हा समज आधी दूर व्हायला हवा. दोन माणसे टेबलाशी बसून बोलत आहेत असा साधा प्रसंग घ्या. दिग्दर्शकाने तो आधी दोघेही दिसतील अशा मास्टर शॉटमध्ये चित्रित केलेला असतो; मग एकाच्या खांद्यावरून दुसरा, दुसऱ्याच्या खांद्यावरून पहिला, मग दोघांचे स्वतंत्र क्लोजअप, आणि यांतल्या प्रत्येकाचे चार-पाच टेक. म्हणजे दोन मिनिटांच्या प्रसंगासाठी पाऊण तासाचे चित्रण संकलकापुढे येते, आणि त्यातले जवळजवळ कुठलेही वाक्य कुठल्याही चेहऱ्यावर ठेवता येते. बोलणाऱ्याचा चेहरा दाखवला तर प्रसंग बोलणाऱ्याचा होतो. तेच वाक्य ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर ठेवले तर प्रसंग ऐकणाऱ्याचा होतो. शेवटचे वाक्य संपताक्षणी पुढच्या प्रसंगावर गेलो तर गोष्ट तिथे मिटली असे प्रेक्षकाला वाटते. त्याच चेहऱ्यावर आणखी दोन सेकंद थांबलो तर या माणसाच्या मनात अजून काही शिल्लक आहे, असे वाटते. संवादातला एक शब्दही न बदलता आणि नटाकडून नव्याने काहीही करून न घेता प्रसंगाचा अर्थ बदलतो. दिग्दर्शक शेजारी बसलेला असतो, अखेरचा शब्द त्याचाच असतो, हे मान्यच आहे. पण छायाचित्रणातही तो त्याचाच असतो आणि म्हणून छायाचित्रकाराचे नाव आपण गाळत नाही.

हे नुसते तत्त्व म्हणून सांगण्यापेक्षा दोन कारकिर्दींकडे आपले लक्ष वेधतो. दोन्ही मुंबईत घडल्या; एकीचे मूळ गोव्यात आहे, तर दुसरीचे शिक्षण पुण्यात झाले.

वामन भोसले यांचा जन्म १९३२ साली गोव्यातील पोंबुर्फा या गावी झाला. १९५२ मध्ये, गोवा पोर्तुगिजांच्या ताब्यात असतानाच, ते नोकरीच्या शोधात मुंबईला आले आणि बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली संकलन शिकू लागले. पुढे फिल्मिस्तान स्टुडिओत त्यांनी बारा वर्षे सहायक म्हणून काढली. राज खोसला यांच्या १९६९ सालच्या ‘दो रास्ते’ने स्वतंत्र संकलक म्हणून त्यांचे बस्तान बसवले, तेव्हा त्यांची पस्तिशी उलटून गेली होती. आज चित्रपटसृष्टीत पाऊल ठेवणाऱ्या तरुणांना हा काळ फार लांबलचक वाटेल, परंतु स्टुडिओच्या त्या पद्धतीत सहायकाच्या हाताखालून प्रत्येक प्रकारचा प्रसंग जात असे. मारामारी, गाणे, कोर्टातली जबानी, विनोदी नटाची नक्कल, आईचा शोक, यांतल्या प्रत्येकाची लय वेगळी असते आणि ती बोटांत उतरायला वेळ लागतो.

त्यानंतर गुरुदत्त शिराळी यांच्या जोडीने आणि पुढे स्वतंत्रपणेही भोसले यांनी दोनशेहून अधिक चित्रपटांचे संकलन केले. ‘मेरा गाँव मेरा देश’, ‘परिचय’, ‘कोशिश’, ‘आँधी’, ‘मौसम’, ‘इनकार’, ‘दोस्ताना’, ‘कर्ज’, ‘हीरो’, ‘अग्निपथ’, ‘सौदागर’, ‘गुलाम’ ही नावे वाचली तरी आवाका ध्यानात येतो. गुलजार यांचे हळुवार, आठवणींत मागे जाणारे चित्रपट आणि सुभाष घई यांचे भव्य, गाण्यांनी भरलेले चित्रपट एकाच टेबलावरून गेले आहेत, ही गोष्ट त्या चित्रपटांवर प्रेम करणाऱ्या किती वाचकांना ठाऊक असेल? ‘इनकार’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि ‘सौदागर’साठी शिराळी यांच्यासह फिल्मफेअर. २६ एप्रिल २०२१ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. करोनाच्या दुसऱ्या लाटेचे ते दिवस होते आणि मृत्यूच्या बातम्यांना तेव्हा तोटा नव्हता, त्यामुळे त्यांच्याबद्दल जितके लिहिले जायला हवे होते तितके लिहिले गेले नाही.

यांतल्या ‘कोशिश’बद्दल थोडे विस्ताराने लिहितो, कारण संकलकाची खरी परीक्षा काय असते ते या चित्रपटात स्वच्छ दिसते. १९७२ सालच्या या चित्रपटाचे नायक-नायिका, म्हणजे संजीवकुमार आणि जया भादुरी, मूकबधिर आहेत. बोलक्या माणसांच्या प्रसंगात संकलकाला एक मोठी सोय असते: बोलणाऱ्याचा आवाज ध्वनिपट्टीवर चालू ठेवून तो पडद्यावर ऐकणाऱ्याचा चेहरा दाखवू शकतो, खिडकी दाखवू शकतो, दाराशी उभे असलेले तिसरे माणूस दाखवू शकतो, वाक्य कुठे हरवत नाही. हाताच्या खुणांनी बोलणाऱ्या माणसांच्या बाबतीत ही सोय संपते. हातांवरून नजर हटवली की वाक्यच तुटते. आणि केवळ हात दाखवत राहिले तर ज्याच्यासाठी ते बोलणे आहे त्याच्या डोळ्यांत काय उमटले ते राहून जाते. म्हणजे कुठली खूण पूर्ण दाखवायची, कुठली अर्ध्यावर सोडली तरी प्रेक्षकाला कळेल, आणि कुठल्या क्षणी हात सोडून डोळ्यांवर जायचे, हा हिशेब प्रत्येक प्रसंगात नव्याने मांडावा लागतो. हा चित्रपट पाहताना आपल्याला खुणांची भाषा येत नाही हे आपण थोड्या वेळाने विसरतो. यात दोन्ही नटांचा वाटा मोठा आहे आणि त्याचे कौतुक यथायोग्य झालेले आहे. खुणेपासून नजरेपर्यंतचा तो प्रवास नेमक्या क्षणी घडवणाऱ्या वामन भोसले आणि गुरुदत्त शिराळी यांचे नाव मात्र त्या कौतुकात सहसा येत नाही.

‘इनकार’ची गोष्ट त्याच्या अगदी उलट आहे. एका उद्योगपतीच्या मुलाऐवजी चुकून त्याच्या नोकराचा मुलगा पळवला जातो आणि खंडणीसाठी फोन येऊ लागतात. उद्योगपतीच्या भूमिकेत डॉ. श्रीराम लागू आहेत. येथे सगळा ताण ऐकण्यावर उभा आहे: फोन एकाच्या हातात असतो, परंतु पैसे द्यायचे की नाहीत याकडे खोलीतल्या प्रत्येकाचे डोळे लागलेले असतात आणि प्रत्येकाची गरज वेगळी असते. फोनवरचा आवाज चालू असताना कोणाच्या चेहऱ्यावर किती वेळ राहायचे यावर प्रेक्षकाची सहानुभूती कुणाकडे झुकते ते ठरते. या कामाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला याचे मला आजही समाधान वाटते, कारण झगमगाटापेक्षा हिशेबीपणाची दखल तिथे घेतली गेली.

हे काम त्या काळी हाताने कसे होत असे, हे आजच्या वाचकांना सांगणे आवश्यक वाटते. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर एका फुटात १६ फ्रेम असतात आणि पडद्यावर एका सेकंदाला २४ फ्रेम जातात. म्हणजे मिनिटाला ९० फूट, आणि हजार फुटांचे रीळ सुमारे ११ मिनिटांचे. लॅबमधून रश प्रिंट, म्हणजे चित्रणाची पहिली कच्ची प्रत, आली की आम्हा सहायकांचे पहिले काम सिंक लावण्याचे, म्हणजे चित्र आणि आवाज जुळवण्याचे. क्लॅपची पट्टी जिथे पुरती मिटते ती नेमकी फ्रेम शोधून तिच्यावर मेणाच्या पेन्सिलीने फुली मारायची. मॅग्नेटिक ध्वनिपट्टी हाताने पुढे-मागे ओढत क्लॅपचा ‘टक्’ जिथे वाजतो तिथे दुसरी फुली मारायची. दोन्ही फुल्या सिंक्रोनायझरच्या दातांवर समोरासमोर बसवायच्या. एका फ्रेमचा फरक राहिला तरी ओठ आणि शब्द जुळत नाहीत. मग रीळ स्टीनबेकवर, म्हणजे चित्र आणि आवाज एकत्र चालवून पाहण्याच्या संकलनाच्या टेबलावर, चढायचे, संकलक आणि दिग्दर्शक बघत बसायचे, आणि संकलक बोट ठेवील तिथे फिल्म कापून सेलोटेपने जोड मारायचा.

कापलेले तुकडे टाकून देत नसत. कापडाचे अस्तर लावलेल्या मोठ्या डब्यावर खिळ्यांची एक पट्टी असे आणि प्रत्येक तुकडा शॉट व टेकच्या क्रमांकाप्रमाणे त्या खिळ्यांना लटकवून ठेवलेला असे. काल दुपारी काढलेल्या सहा फ्रेम आज सकाळी परत हव्या आहेत, असे संकलक म्हणाला की त्या मिळाल्याच पाहिजेत. सहा फ्रेम म्हणजे पाव सेकंद, साडेचार इंचांची पट्टी. बाहेरच्या माणसाला पाव सेकंदासाठी चाललेली ही शोधाशोध निरर्थक वाटेल. पण नायिका दार उघडते, समोर कोण आहे ते पाहते आणि तिच्या पापण्या हलतात. ती पापणी हलण्याच्या आधी कापले तर तिला आश्चर्य वाटले असे दिसते, आणि हलल्यावर कापले तर तिला हे आधीपासून ठाऊक होते असे दिसते. त्या साडेचार इंचांत पात्राचा स्वभाव बदलतो. हे मी टेबलाशी उभा राहून अनेकदा पाहिले आहे, आणि दर वेळी दिग्दर्शकाला ते पटवून देणारा माणूस संकलक होता.

पॉझिटिव्ह प्रिंटवरचे सेलोटेपचे जोड सोडवता येत. पण संकलन पक्के झाले की फिल्मच्या कडेवरच्या क्रमांकांवरून निगेटिव्ह, म्हणजे कॅमेऱ्यातून आलेली मूळ फिल्म, कापली जाई, आणि तिथे चुकीला जागा नव्हती. निगेटिव्हचा जोड सिमेंटने बसतो आणि त्यात शेजारची फ्रेम जायबंदी होते. एकदा कापलेली जागा पुन्हा जशीच्या तशी जोडता येत नाही. त्यामुळे निगेटिव्ह कटिंगला रीळ पाठवण्याच्या आदल्या दिवशी संकलनगृहात फार कमी बोलणे होत असे.

दुसरी कारकीर्द रेणू सलुजा यांची. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटची स्थापना १९६० साली प्रभात स्टुडिओच्या जागेवर झाली, आणि भोसले यांच्या पिढीला जे स्टुडिओत वर्षानुवर्षे उभे राहून मिळाले ते अभ्यासक्रम म्हणून शिकवण्याची सोय महाराष्ट्रात झाली. सलुजा यांनी १९७६ साली तिथून संकलनाची पदविका घेतली. संकलनगृहे तोवर बहुतांशी पुरुषांचीच होती. इन्स्टिट्यूटमधून त्यांच्या काही वर्षे आधी बाहेर पडलेल्या अरुणा राजे यांनी ती वाट पहिल्यांदा मळली होती. सलुजा यांनी ती रुंद केली. आज दीपा भाटिया, बीना पॉल, नम्रता राव ही नावे या क्षेत्रात सहज घेतली जातात त्यामागे या दोघींचे काम आहे.

सलुजा यांना संकलनासाठी चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले: ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’. १६ ऑगस्ट २००० रोजी, वयाच्या अवघ्या ४८ व्या वर्षी, कर्करोगाने त्यांचे निधन झाले. त्याच वर्षाच्या सुरुवातीला त्यांनी संकलित केलेला ‘हे राम’ प्रदर्शित झाला होता.

माझ्या मते त्यांची थोरवी पुरस्कारांपेक्षा १९८३ या एका वर्षात अधिक दिसते. त्या वर्षी त्यांनी संकलित केलेले दोन चित्रपट आले, ‘अर्धसत्य’ आणि ‘जाने भी दो यारो’, आणि या दोहोंची लय एकमेकींशी कुठेही जुळत नाही. ‘अर्धसत्य’ श्री. दा. पानवलकरांच्या कथेवर बेतलेला, विजय तेंडुलकरांनी लिहिलेला, गोविंद निहलानींनी दिग्दर्शित केलेला. मराठी वाचकाला तो परका नाही. अनंत वेलणकर हा फौजदार एकेका अपमानाने आतून कसा घुसमटत जातो, हा त्याचा विषय. दिलीप चित्रे यांची कविता तो वाचू लागतो तेव्हा सुरुवातीचा सहजपणा जाऊन त्याच्या आवाजात काहीतरी जड उतरत जाते, आणि त्या वेळी आपल्याला त्याच्या चेहऱ्याजवळ राहू दिले जाते. अशा ठिकाणी हात आवरणे हे मोठे संकलन असते. ओम पुरी यांच्यासारखा नट समोर असताना मध्येच कापून दुसरे काही दाखवण्याचा मोह आवरायचा, आणि तरीही प्रसंग रेंगाळू द्यायचा नाही, हे दोन्ही साधणे सोपे नाही.

‘जाने भी दो यारो’ला थांबून चालतच नाही. शेवटी रंगमंचावर महाभारताचा प्रयोग चालू असतो, द्रौपदीच्या साडीत एक प्रेत असते, ते पळवू पाहणारे वेगवेगळे लोक वेगवेगळ्या पात्रांच्या वेशात मंचावर घुसतात, आणि आंधळा धृतराष्ट्र काय चालले आहे असे पुन्हा पुन्हा विचारतो. धृतराष्ट्राचा तो प्रश्न एकदा लवकर आला किंवा एकदा उशिरा आला तर हशा पडणार नाही. मंचावर इतकी माणसे असतानाही प्रेक्षकाला प्रेत कोणाच्या हातात आहे आणि कोण कोणाच्या बाजूचा आहे हे सतत कळत राहते, आणि ते कळत राहते म्हणूनच गोंधळाचे हसू येते. हा गोंधळ संकलनाच्या टेबलावर अतिशय काटेकोरपणे रचलेला आहे.

याच चित्रपटात अनुपम खेर यांनी ‘डिस्को किलर’ नावाची एक भूमिका केली होती. ती चित्रित झाली होती, पण पूर्ण झालेल्या चित्रपटात ती नाही. संकलनात संपूर्ण काढली गेली. नटाने केलेले काम, त्यावर खर्च झालेले दिवस, वाया गेलेली फिल्म, हे सगळे डोळ्यांसमोर असताना संपूर्ण पात्र काढून टाकण्याचा निर्णय घेणे ही किती अवघड गोष्ट आहे याची कल्पना करावी. आणि आज चित्रपट पाहणाऱ्या कोणालाही तिथे काही कमी आहे असे जाणवत नाही. परीक्षकाला पडद्यावर जे उरले ते दिसते. काय गेले, आणि जे उरले ते कोणाच्या आग्रहाने उरले, हे त्याला दिसू शकत नाही. ‘कात्री हवी होती’ या वाक्याबद्दल माझी तक्रार आहे ती याच कारणाने.

एक प्रसंग सांगतो. मी सहायक असताना एका चित्रपटात मध्यंतरानंतर एक लांबलचक कौटुंबिक प्रसंग होता. संकलकाने तो निम्म्यावर आणला होता आणि दिग्दर्शकालाही ते मान्य होते. प्रमुख कलाकाराने ट्रायल पाहिल्यावर आपली वाक्ये गेल्याबद्दल नाराजी व्यक्त केली आणि निर्मात्याने तो प्रसंग पूर्ण लांबीचा परत घालायला सांगितला. खिळ्यांवरचे तुकडे मी माझ्या हाताने परत जोडले. चित्रपट लागला तेव्हा दोन वृत्तपत्रांनी नेमका तोच प्रसंग रटाळ असल्याचे लिहिले, जे खरे होते, आणि त्याचा दोष ढिल्या संकलनाला दिला. श्रेयनामावलीत संकलकाचे नाव दोन्हींकडे नव्हते. त्या गृहस्थांनी कधी खुलासा केला नाही, करण्याची या धंद्यात रीतही नाही. परंतु पुढच्या निर्मात्याने त्यांना बोलावताना ती परीक्षणे वाचलेली होती, आणि त्याचा परिणाम त्यांच्या मानधनावर झाला हे मला ठाऊक आहे.

संगणकावर संकलन सुरू झाल्यापासून तुकडे शोधणे, जोड मारणे हे कष्ट संपले. कुठलाही बदल क्षणात करता येतो आणि क्षणात मागेही घेता येतो. ही सोय मी स्वतः अनुभवली आहे आणि जुन्या पद्धतीबद्दल मला खोटा जिव्हाळा नाही. पण कच्ची फिल्म महाग होती तेव्हा दिग्दर्शक सेटवर विचार करून शॉट घेत असे. आता कॅमेरा दोन टेकच्या मध्येही बंद होत नाही आणि चित्रणाचा ढीग कितीतरी पटींनी वाढला आहे. प्रदर्शनाची तारीख मात्र आधीच ठरलेली असते. एवढे सगळे चित्रण संकलकाने निवांतपणे पाहावे, त्यातला एखादा न ठरवलेला, टेक संपल्यानंतरचा नटाचा चेहरा त्याला सापडावा, यासाठी वेळ उरत नाही. दैनंदिन मालिकांची अवस्था तर अधिक बिकट आहे. दिवसा चित्रित झालेला भाग रात्री संकलित होऊन लगोलग प्रक्षेपणाला जातो आणि ते करणाऱ्या तरुणांची नावे पडद्यावरून इतक्या वेगाने सरकतात की त्यांच्या घरच्यांनाही वाचता येत नाहीत. ओटीटीवर तर श्रेयनामावली सुरू होताच ती कोपऱ्यात आकसते आणि पुढच्या भागाची उलटी मोजणी सुरू होते. छापील वृत्तपत्रातली चौकट म्हणूनच महत्त्वाची आहे. तिथले नाव सरकत नाही, आणि ते कापून फायलीत लावून ठेवता येते.

आपल्या परीक्षकांना संकलनाबद्दल लिहिता येणार नाही असे मी म्हणत नाही. उलट त्यांनी अधिक लिहावे. काय काढायला हवे होते याबद्दल तर्क करण्यापेक्षा पडद्यावर जे आहे त्याचाच विचार केला तरी पुष्कळ सांगता येते. प्रसंग दार उघडण्यापासून सुरू होतो की भांडण ऐन रंगात आल्यावर? महत्त्वाचे वाक्य कोणाच्या चेहऱ्यावर ऐकू येते? पुढच्या प्रसंगाचा आवाज आधीच्या प्रसंगावर चढून येतो का, आणि आला तर त्याने काही अर्थ जोडला का? गाण्यात कट ठेक्यावर पडतात की शब्दांवर की नजरेवर? ‘कर्ज’मधला रंगमंचावरच्या गाण्याचा प्रसंग पाहावा: मंचावर गाणे चालू असते आणि समोर बसलेल्या कामिनीच्या चेहऱ्याकडे आपण पुन्हा पुन्हा परततो, ठेका असो वा नसो, कारण गाण्याची गोष्ट तिच्या चेहऱ्यावर घडते आहे. एवढे एक निरीक्षण परीक्षणात आले तरी वाचक पुढच्या वेळी ते स्वतः शोधू लागेल.

हृषीकेश मुखर्जी हे दिग्दर्शक होण्याआधी बिमल रॉय यांचे संकलक होते, ‘दो बीघा जमीन’ आणि ‘देवदास’ त्यांनी संकलित केले आहेत, हे अनेकांना ठाऊक असते. राजकुमार हिरानी पुण्यात संकलन शिकले हेही सांगितले जाते. दोघांबद्दल लिहिताना संकलनाचा उल्लेख दिग्दर्शनाकडे नेणारी पायरी म्हणून होतो. वामन भोसले आणि रेणू सलुजा शेवटपर्यंत संकलकच राहिले. त्यांच्यासारख्यांबद्दल लिहायला मग निमित्तच सापडत नाही.

माझी आपल्याला विनंती साधी आहे. परीक्षणाशेजारच्या चौकटीत छायाचित्रणाच्या ओळीखाली ‘संकलन’ ही ओळ कायमची समाविष्ट करावी. नाव मिळवण्यासाठी वेगळे कष्ट पडत नाहीत. ते पडद्यावर स्वतंत्र पाटीवर येते आणि निर्मात्याकडून येणाऱ्या प्रसिद्धिपत्रकातही बहुधा असते. दोन संकलक असतील तर दोन्ही नावे द्यावीत. आणि आपल्या रविवार पुरवणीत छायाचित्रकार, संगीतकार, कलादिग्दर्शक यांच्या मुलाखती येतात, त्यांत मराठी चित्रपटांच्या संकलकांनाही स्थान मिळावे. फिल्मवर काम केलेले काही ज्येष्ठ संकलक आणि त्यांचे सहायक मुंबई-पुण्यात आजही आहेत. त्यांची स्मरणशक्ती शाबूत आहे तोवर आपल्या प्रतिनिधींनी त्यांच्याकडे जावे. त्यांच्याशी संपर्क साधण्यासाठी माझी काही मदत होणार असेल तर ती मी आनंदाने करीन.

कळावे,
आपला नम्र,
एक निवृत्त सहायक संकलक, डोंबिवली